वेखंडात बांधलेली

गोपिका सीताबर्डीत चष्म्याच्या दुकानात काउंटरवर बसायची. वरच्या मजल्यावर यमुताई हिवरकर गंधबांधणी शिकवत. स्पर्धा परीक्षेची पोरं तिथे इतिहासाचे धडे लवंगेत, ओव्यात बांधायला येत. विसरायला लागलेली म्हातारी माणसं नातवंडांची नावं साबणाच्या वासात बांधून घेत. रीत साधी होती. डोळे मिटायचे, आठवण पहिल्यापासून शेवटपर्यंत मनात सांगायची, मधेमधे तोच एक वास हुंगायचा आणि झाल्यावर डबीचं झाकण घट्ट लावायचं. काही महिन्यांत आठवण त्या वासात जाऊन बसे. डबी उघडली की सगळं डोळ्यांपुढे येई. बंद असली की घडलं होतं एवढं ठाऊक असे, दिसत काही नसे.

गोपिका यमुताईंकडे गेली ती आठवण दिसू नये म्हणूनच. दिवस भरत आले असताना तिची मुलगी पोटातच गेली होती. बाळासाठी आणून ठेवलेलं वेखंड घरात पडून होतं, तेच तिने डबीत घातलं. यमुताईंनी तिला बजावलं होतं की घरात पुन्हा येईल असा वास दुःखाला देऊ नये. पण दुसरा कुठलाही वास तिला त्या मुलीचा वाटेना.

बांधणी पक्की झाली. गोपिका पुन्हा जेवू-झोपू लागली, कामावर जाऊ लागली. तिचा नवरा पियूष वाडीला ट्रान्सपोर्टच्या गोदामात माल उतरवून घ्यायचा. त्याने त्या मुलीचा विषय कधी काढला नाही, हिनेही नाही. पुढे मूल झालं नाही. तसे दोघं नीट राहत होते.

काही वर्षांनी धाकटी जाऊ गुंजन बाळंत झाली. तिला आई नव्हती, म्हणून बाळंतपण सासरीच, सगळे एकत्र राहत त्या घरात होतं. बाळाची अंघोळ झाली आणि सासूबाई पुष्पलताबाईंनी सहाणेवर वेखंड उगाळायला घेतलं. गोपिका शेजारच्या खोलीत लंगोटांच्या घड्या घालत होती. वास आला आणि तिला दवाखान्यातला पलंग दिसला, हिरवं कापड दिसलं, गाठोडं घेऊन पाठमोरी निघालेली नर्स दिसली. ती घड्या तशाच टाकून गच्चीवर गेली. सासूबाईंनी खालून विचारलं, तर डोकं दुखतं म्हणाली.

दुसऱ्या दिवशी दुकानात जाण्याआधी ती यमुताईंकडे गेली. हे सोडवून द्या म्हणाली.

"ते सुटत नाही बाई," यमुताई म्हणाल्या. "अन् एकटीनंच हुंगत राह्यली, तर एकटीचंच राहीन. कोणाले तरी बाजूले बसव अन् मंग उघड."

कोणाला, हे त्यांनी सांगितलं नाही. संध्याकाळी पियूष गोदामातून आला, हातपाय धुऊन बसला, तेव्हा गोपिकाने दार लोटून घेतलं आणि त्याच्यासमोर डबी उघडली. जे जे दिसत होतं ते ती सांगत गेली. पोटातली हालचाल थांबल्यापासून नर्स दारातून बाहेर गेली तिथपर्यंत. पुढे तिच्याजवळ काही नव्हतं. ती थांबली.

पियूष म्हणाला, "त्याच्या पुढचं मले माहीत आहे."

दाराबाहेर नर्सने गाठोडं त्याच्याच हातात दिलं होतं. त्याने आणि त्याच्या वडिलांनी, गणपतरावांनी, ते जीपमधून पारशिवनीच्या वावरात नेलं. रस्ता खराब होता, म्हणून सगळ्या वाटेत त्याने एक हात तिच्या डोक्याखाली धरून ठेवला होता. वावराच्या कडेला, धुऱ्यावरच्या पळसाखाली त्यानेच खड्डा खणला. खाली ठेवताना कापड सरकलं. हनुवटी गोपिकासारखी होती, असं तो म्हणाला.

गोपिकाला आधी त्याचा हेवा वाटला. त्याने तिला पाहिलं होतं.

"तुम्ही मले काहून नाही सांगितलं?"

"तुले बरं वाटून राहिलं होतं. मी कशाले उघडू?" तो खाली पाहत म्हणाला. "मी काही शिकलो नाही ते. मले रोज दिसते."

त्या रात्री तिने डबीचं झाकण लावलं नाही.

रविवारी दोघं पारशिवनीला गेले. पळस आता मुळासकट काढलेला होता. पियूषने धुऱ्यावर दोन-तीनदा इकडून तिकडे फिरून पाहिलं, पण नेमकी जागा त्याला सापडेना. शेवटी अंदाजाने एका ठिकाणी ते खाली बसले. वावरात कापूस वेचणाऱ्या बायांमधली प्रयागबाई पाणी प्यायला त्यांच्याजवळ आली. कोण, कुठचे, असं विचारून झाल्यावर तिने विचारलं, "लेकरं किती आहेत वं?"

या प्रश्नाला गोपिका नेहमी नाही म्हणून मोकळी व्हायची.

"एक पोरगी झाली होती," ती म्हणाली. "राह्यली नाही."

प्रयागबाई टेकली. तिचंही एक गेलं होतं, असं तिने सांगितलं. मग पोरीचं नाव काय होतं ते विचारलं. गोपिकाने पियूषकडे पाहिलं. नाव ठेवलंच नव्हतं.

प्रयागबाई कामाला निघून गेल्यावर ते नावाचंच बोलत बसले. पियूषने सुचवलेलं पहिलं नाव गोपिकाला आवडलं नाही, त्याच्या आत्याचं होतं ते. दुसऱ्यावर दोघांचं जमलं.