स्क्रीन सोडून

"मामा, गाडी काहून थांबली? तेलगावच्या पुढं उभी दिसायलीय मला."

पलीकडून नुसता श्वास ऐकू आला. मग जड, जिभेत अडकलेला आवाज. "मॅडम... हात उचलंना."

यास्मिन खुर्चीत सरळ झाली. समोरच्या लॅपटॉपवर मराठवाड्याचा नकाशा पसरला होता आणि मालवाहतूक कंपनीने तिच्याकडे लक्ष ठेवायला दिलेल्या गाड्या त्यावर ठिपक्यांनी सरकत होत्या. त्यातली एक हलत नव्हती. जालन्याहून सळया भरून लातूरला निघालेली धुळाजीची गाडी. जेवायला थांबला असेल असं तिला आधी वाटलं होतं. पण धुळाजी थांबायच्या आधी कळवणारा माणूस. गेवराईकडच्या उमापूरचा, पन्नाशी ओलांडलेला, पहिल्या घंटेला फोन उचलणारा. तीन वर्षं ती त्याच्याशी रोज बोलत होती. पाहिलं मात्र कधीच नव्हतं.

"गाडी बाजूला घेतलीय का, मामा?"

"घेतली... कशीबशी."

"फोन ठिवू नका. काय वाट्टेल ते बोला, पण बोलत ऱ्हावा."

घरातल्या दुसऱ्या फोनवरून तिने रुग्णवाहिका बोलावली. ती परळीहून निघणार होती. परळीहून सिरसाळा आणि तिथून पुढे तेलगावच्या बाजूला यायला वेळ जाणार होता. सिरसाळ्यातलं यास्मिनचं घर मात्र त्या गाडीला सगळ्यात जवळ होतं. खाली तिच्या नवऱ्याचं, वाहेदचं, गॅरेज होतं. तिने जिन्यातूनच त्याला हाक मारली आणि जीप काढायला सांगितली. कंपनीच्या ग्रुपवर तिने घाईघाईत लिहिलं, 'ड्रायव्हर आजारी. मी जातेय. माझी स्क्रीन कोणीतरी बघा.' कोणी वाचलं की नाही ते पाहायला ती थांबली नाही.

दारात सासू, अजमतबी, उभी होती. सुनेने दिवसभर परक्या पुरुषांशी फोनवर बोलावं हे तिला सुरुवातीला अजिबात रुचलं नव्हतं. पुढे ती त्याबद्दल बोलायची थांबली होती, एवढंच.

"कां चली गे?"

"एक ड्रायवर बीमार पडा, अम्मी. अकेला है."

अजमतबीने सुनेचा चेहरा पाहिला आणि दारातून बाजूला झाली. "जा. घर मैं देखतूं."

जीपमध्ये यास्मिन सारखी बोलत राहिली. सकाळी काय खाल्लं, घरी कोण कोण आहे, म्हैस व्याली का. आधी धुळाजी एकेका शब्दाने उत्तर देत होता, मग हुंकार देऊ लागला आणि मग तेही थांबलं. एप्रिलचं ऊन रस्त्यावर थरथरत होतं. गाडी दिसली तेव्हा तिचा डावा दिवा उघडझाप करत होता. एवढ्या वजनाची गाडी त्याने एका हाताने डांबराच्या खाली व्यवस्थित उतरवली होती.

वाहेद केबिनमध्ये चढला. धुळाजी स्टिअरिंगच्या बाजूला कलंडलेला होता, तोंड वाकडं झालं होतं, पण डोळे उघडे होते. खाली उभ्या असलेल्या बाईकडे त्याने ओळख नसल्यासारखं पाहिलं.

"मामा, मी हाय," यास्मिन म्हणाली.

तो आवाज ऐकून त्याने डावा हात पुढे केला.

दोघांनी त्याला उतरवून जीपमध्ये निजवलं. परळीच्या वाटेवर रुग्णवाहिका समोरून आली. तिच्यात बसून यास्मिन अंबाजोगाईच्या दवाखान्यापर्यंत गेली आणि धुळाजीची बायको तुळजाबाई उमापूरहून येईपर्यंत तिथेच बसून राहिली. डॉक्टर म्हणाले, वेळेत आणलंत, जीव वाचला. उजव्या बाजूचं मात्र आता काही सांगता येत नाही.

घरी येऊन तिने लॅपटॉप उघडला तेव्हा तो कधीच झोपी गेला होता. ग्रुपवरचा तिचा निरोप संध्याकाळपर्यंत कोणी पाहिलाच नव्हता. लातूरला जाणाऱ्या दुसऱ्या एका गाडीचा कारखान्यात शिरायचा पास तिने पाठवायचा होता. तो गेला नव्हता. ती गाडी फाटकाबाहेर उभी राहिली आणि माल वेळेवर न पोचल्याने कारखान्यातलं काम अडलं.

दोन दिवसांनी पुण्याहून मीटिंग लागली. कंपनी पुण्याची असली तरी निम्मे लोक आपापल्या गावाहून काम करत होते. स्क्रीनवर चौकटीचौकटीत सगळ्यांचे चेहरे आले. मधल्या चौकटीत अभिमन्यू सर होते. या सगळ्या विभागाचे प्रमुख. माणूस वाईट नव्हता. ओरडत तर कधीच नसे.

"पुढच्या महिन्यापासून आठवड्यातले तीन दिवस सगळ्यांनी ऑफिसला यायचं," ते म्हणाले. "दोन दिवस घरून चालेल. हे वरून ठरलंय. आणि यास्मिन, तुझं उदाहरण देतोय म्हणून वाईट वाटून घेऊ नकोस. तू ज्या माणसासाठी उठलीस, त्याबद्दल कोणी काही बोलणार नाही. पण तू इथे बसली असतीस तर शेजारच्याने तुझी स्क्रीन बघितली असती. गाडी फाटकाबाहेर राहिली नसती."

"खरं आहे, सर," यास्मिन म्हणाली. "पण मी तिथे असते तर मामांपर्यंत वेळेत कोणी पोचलं नसतं."

"ती गाडी तुझ्या गावाजवळ थांबली, हा योगायोग."

"हो. योगायोगच."

दोघांचंही म्हणणं खरं होतं आणि ते सगळ्यांना दिसत होतं.

"सर, अडचण शेजारी कोणी नसल्याची आहे ना? मला थोडे दिवस द्या. मी शेजारी माणूस आणते."

"म्हणजे?"

"ते अजून मलाही माहीत नाही."

कोणीतरी हसलं. अभिमन्यू सर हसले नाहीत. "महिनाअखेरपर्यंत बघ," ते म्हणाले. "पण मी काही कबूल केलेलं नाही."

रात्रीच्या जेवणानंतर वाहेद म्हणाला, नोकरी सोडून दे, गॅरेजवर भागतंय आपलं. त्यात कुत्सितपणा नव्हता. आठवड्यातून तीन दिवस पुण्याला जाणं म्हणजे घर मोडणंच होतं. मुलगी इथल्या शाळेत, अजमतबीच्या डोळ्याचं ऑपरेशन तोंडावर. यास्मिनने त्याचं सगळं ऐकून घेतलं.

"तुम्ही गॅरेज सोडाल का?" तिने विचारलं.

भिंतीकडे तोंड करून अजमतबी पडली होती. ती जागी असल्याचं दोघांनाही ठाऊक होतं.

महिन्याच्या मधल्या एका सुट्टीच्या दिवशी यास्मिन धुळाजीला भेटायला उमापूरला निघाली. आजारी माणसाला बघायला एकटीने कशाला जायचं म्हणून अजमतबीही पिशवीत केळी आणि बिस्किटं घेऊन बरोबर आली. माजलगाव, गेवराई करत दोघी एसटीने पोचल्या.

धुळाजी पडवीतल्या बाजेवर बसला होता. बोलणं बरंच सुधारलं होतं. शब्द सावकाश येत, पण स्पष्ट येत. उजवा हात मांडीवर पडला होता आणि उजवा पाय जमिनीवर नुसता टेकवलेला होता. मालकाने त्याच्या गाडीवर परळीकडचा मुंजाजी नावाचा नवा ड्रायव्हर बसवला होता.

"मालक चांगलाय," धुळाजी म्हणाला. "गाडी तरी किती दिवस उभी ठिवायची त्यानं."

तुळजाबाईने चहा आणला. "जेवत न्हाईत," ती यास्मिनला म्हणाली. "रस्त्यावरून गाडी गेली की मान वळवत्यात. तेवढंच हलणं."

"मग काय नाचू?" धुळाजी म्हणाला. "उभ्या जन्मात बसून खाल्लं न्हाई. आता बसूनच ऱ्हायचं."

यास्मिन कपातल्या चहाकडे बघत होती. घरून निघताना हा विचार तिच्या मनात नव्हता. आता तो आला आणि ती त्याला धरूनच राहिली.

"मामा, बसून करायचं काम हाय माझ्याकडं," ती म्हणाली. "माझ्या बाजूची स्क्रीन तुमी बघायची. मी उठले की तुमी. तुमी झोपलात की मी. गाडी थांबली तर फोन लावायचा, पास पाठवायचा. एवढंच."

धुळाजीने मान हलवली. "आमी चौथीपातुर शिकलो, ताई. टेबलावरचा माणूस न्हाई मी."

"मी तरी कुठं होते? मला कोणी तरी शिकवलंच की."

"आन् हात?"

"डावा हाय की."

"न्हाई जमायचं."

"करून बघून न्हाई जमलं तर सांगा. न बघता सांगू नका."

धुळाजीला राग आला. तोंडावर दिसला. आजारपणात त्याच्याशी एवढ्या दिवसांत असं कडक कोणी बोललं नव्हतं. अजमतबी हे सगळं बाजेच्या कडेला बसून ऐकत होती. ती तुळजाबाईकडे वळली आणि आपल्या मोडक्या मराठीत म्हणाली, "मी पण लई बोलली होती हिला. ही ऐकत न्हाई."

तुळजाबाईला हसू आलं. आजार आल्यापासून बहुधा पहिल्यांदाच. "मला शिकवा," ती यास्मिनला म्हणाली. "आधी मी शिकते. मग त्यान्ला मी शिकवते. घरात मीच बरी सांगू शकते त्यान्ला."

यास्मिनने आपला जुना लॅपटॉप वाहेदकडून दुरुस्त करून घेतला आणि उमापूरला पाठवला. रोज दुपारी काम थोडं हलकं झालं की ती व्हिडिओ लावून शिकवायला बसे. तुळजाबाई पटापट शिकली. धुळाजीची मात्र डाव्या हाताशी मारामारी चालली. माऊसचा बाण भलतीकडे जाई. एका गाडीवर बोट ठेवायचं तर दुसरीच उघडे. एकदा त्याने माऊस फेकून दिला आणि दोन दिवस स्क्रीनसमोर आलाच नाही. तिसऱ्या दिवशी यास्मिनने फोन केला, तर तुळजाबाईने तो त्याच्या कानाला लावला.

"मामा, आज बसायचंय का?"

"न्हाई."

"बरं. उद्या पुन्हा विचारते."

दुसऱ्या दिवशी तिने विचारलं. तो बसला.

ड्रायव्हरांशी बोलणं त्याहून अवघड निघालं. आयुष्यभर तो त्यांच्यातलाच. एखादा उशिरा निघाला की हा रस्त्यावरच्या भाषेत सुरू होई. "अबे, झोपला होता का?" यास्मिन मध्येच थांबवे. "मामा, तसं न्हाई. आधी विचारायचं, बरा हायेस का." मग तो स्वतःशीच ते वाक्य म्हणून बघे.

शेजारचा माणूस म्हणून यास्मिनने धुळाजीचं नाव कळवलं होतं; महिनाअखेर अभिमन्यू सरांनी व्हिडिओवर त्याची परीक्षा घेतली. तासभर धुळाजीने यास्मिनची स्क्रीन एकट्याने सांभाळली आणि एक पास चुकीच्या गाडीला पाठवला. अभिमन्यू सरांनी ते पाहिलं, यास्मिननेही पाहिलं.

"चुकलं माझं," धुळाजी स्वतःच म्हणाला. "मागं घेतो." त्याने तो मागे घेतला. वेळ लागला, पण घेतला.

"दोन महिने बघू," अभिमन्यू सर म्हणाले. "कागदावर त्यांचं नाव तुझ्या जोडीला लागेल. आणि तुला दर आठवड्याला नाही, पण दर महिन्याला आठवडाभर पुण्याला यावं लागेल, यास्मिन. एवढं तरी हवंच. त्यातून मी तुला सोडवू शकत नाही."

आठवडाभर. तिने अजमतबीकडे पाहिलं. अजमतबी खाटेवर लसूण सोलत होती, डोळ्यावर ऑपरेशनची हिरवी पट्टी होती.

"येते, सर," यास्मिन म्हणाली.

पुण्याच्या ऑफिसात तिला खिडकीजवळची जागा मिळाली. काचेतून उड्डाणपूल दिसे आणि त्यावरून ओळीने जाणाऱ्या गाड्या. शेजारच्या मुलीने कॉफीचं मशीन दाखवलं. आजूबाजूला सगळे एकमेकांशी हळू बोलत आणि बऱ्याचदा हसत. सिरसाळ्यात वाहेदच्या हातोडीच्या ठोक्यांवर काम करायची सवय झालेली. एवढी शांतता तिला नवी होती. जेवायच्या सुट्टीत उठताना तिने स्क्रीन उमापूरला सोपवली आणि तिकडचं बोलणं ऐकू यावं म्हणून कानातले हेडफोन तसेच ठेवले. धुळाजीचा हा पहिलाच दिवस होता जेव्हा त्याच्या मागे तुळजाबाई उभी नव्हती. ती शेतात गेली होती.

जेवणाचा डबा उघडला आणि तिला त्याचा आवाज ऐकू आला. जालन्याहून लातूरला निघालेली एक गाडी माजलगावला थांबली होती. त्याची जुनी गाडी.

फोन लागला. "हां, बोला," पलीकडून मुंजाजी म्हणाला.

धुळाजी आधी नुसता खाकरला. यास्मिनने घास तसाच हातात धरला. मध्ये पडायचं नाही असं तिने ठरवलं.

"बरा हायेस का?" धुळाजीने विचारलं.

"हाय की. जेवायला थांबलो. क्लच लई जड हाय हिचा, पाय दुखायलाय."

"हाय जड." धुळाजी म्हणाला. "जेवून घे बिनघोर. लातूरच्या फाटकाचा पास पाठवलाय. गाडी चढावाला कुरकुर करंल, तिला घाई करू नको."

"तुमाला कसं माहीत?"

उमापूरच्या पडवीतला पंखा तेवढा ऐकू येत होता.

"कोण बोलतंय, साहेब?" मुंजाजीने विचारलं.

"ऑफिसातून बोलतोय," धुळाजी म्हणाला.

"बरं, साहेब."

धुळाजीने फोन कट करायला बाण सरकवला. पहिल्यांदा चुकला आणि भलतंच काहीतरी उघडलं. ते त्याने बंद केलं आणि बाण सावकाश, न अडखळता, लाल खुणेवर नेऊन ठेवला.