भागुबाईच्या साक्षीची नक्कल

भागुबाईला जाऊन काही महिने झाले, तेव्हा तिच्या नवऱ्याने, भिमाजीने ठरवलं, तिची साक्ष कोर्टातून काढून आणायची.

टाकव्यात वस्तीवरून ओढ्याकडे जाणारी वाट एका फार्महाउसवाल्याने तारा ठोकून बंद केली होती. शेजाऱ्यांनी दावा लावला, भागुबाईने साक्ष दिली. भिमाजी त्या दिवशी कंपनीत होता. घरी आल्यावर विचारलं, तर ती म्हणाली, “इचारलं ते सांगितलं.” पुढे तडजोडीत वाट अर्धीच सुटली आणि गावात बोलणं उठलं, की समोरच्या वकिलापुढे भागुबाई गळपटली.

“वडगावला येतो का? भागुबाईची नक्कल काढायचीय,” भिमाजी आपल्या दोस्ताला, रतनला म्हणाला.

“त्याला कोर्टात कशाला जायाचं? तिची नक्कल मी हितंच करून दावतो!”

“तुज्या नकलेवर शिक्का न्हाई मारत कुनी. चल.”

वडगावच्या कोर्टात नकलांच्या खिडकीवरच्या शुभदाबाईंनी विचारलं, “आबा, दाव्यात तुम्ही पक्षकार होता?”

“न्हाई. बायको साक्षीदार हुती. वारली.”

“मग कागद कशाला हवा, ते प्रतिज्ञापत्रावर लिहून द्या. पक्षकार नसलात तरी मागता येतो. साहेबांनी मंजूर केलं की नक्कल मिळेल.”

भिमाजीने लिहिलं, ‘माझी बायको काय बोलली ते मला वाचायचे आहे.’

“एवढंच?” रतन म्हणाला. “वकिलावानी कायतरी लिव्ह की.”

“खरं हाय ते लिवलंय.”

अर्ज मंजूर झाला. नक्कल हातात आली, तेव्हा भिमाजीला ती उघडवेना. गावाचं बोलणं खरं निघालं तर? शेवटी त्याने चष्मा पुसला आणि थेट उलटतपासणीचं पान काढलं.

‘मला लिहिता-वाचता येत नाही हे म्हणणे खरे आहे. म्हणून मला वाट ठाऊक नाही हे म्हणणे खरे नाही. लग्न होऊन आल्यापासून मी त्याच वाटेने गवताचे भारे आणले. वकीलसाहेबांनी यावे, मी डोळे मिटून चालून दाखवते. शेजाऱ्यांच्या सांगण्यावरून मी खोटी साक्ष देत आहे हे म्हणणे खरे नाही.’

त्याने कागद रतनच्या हातात दिला. “वाच. मोठ्यानं.”

“आरं, लोक बघत्यात.”

“बघू दे.”

रतन वाचू लागला. ‘डोळे मिटून’पाशी तो थांबला, मग शेवटपर्यंत वाचत गेला.

“पुन्ना वाच,” भिमाजी म्हणाला.

बाकावरच्या एका म्हातारीने विचारलं, “कुनाची साक्ष म्हनायची ही?”

भिमाजी ताठ उभा राहिला. “आमच्या मंडळींची.”