कॅमेरा मातीवरच

"ताई, सायेब आलं. स्टेज दावा," हेडफोनमधून दादासो म्हणाले. दादासो कुस्ती कमिटीचे अध्यक्ष. सांगलीजवळच्या या मैदानाच्या थेट प्रक्षेपणाचं काम दरवर्षी शालनताईंना देणारेही तेच.

शालनताई मांडवामागच्या टेम्पोत, तीन छोट्या पडद्यांसमोर बसल्या होत्या. विश्रामबागेत नवऱ्याचं केबलचं दुकान होतं, तेव्हा या भागात कुस्ती पहिल्यांदा घराघरांत थेट दाखवली ती त्यांनीच. बाईनं आखाड्याजवळ फिरकायचं नाही, म्हणून त्यांना टेम्पोत बसवलं, आणि तिथंच उभा जन्म गेला. पण लोकांनी काय बघायचं ते त्या ठरवायच्या, आणि त्याचा त्यांना भलता माज होता. का नसावा?

आज त्याच मातीत पोरी लढत होत्या. जतच्या मेंढपाळाच्या प्रांजलनं समोरच्या पोरीला खाली घेऊन कब्जा केला होता.

"कुस्ती सुटंस्तवर न्हाई," शालनताई म्हणाल्या.

तिकडे निवेदकानं कुस्ती सोडून पाहुणे म्हणून आलेल्या आमदारसाहेबांचं कौतुक सुरू केलं. हलगी वळली, माना वळल्या, पंचसुद्धा हात जोडून स्टेजकडं बघत राहिला. नेमका तेव्हाच प्रांजलनं घिस्सा डाव मारला आणि समोरचीची पाठ मातीला टेकली. पंच वळला तोवर दोघी उठल्या होत्या. त्यानं कुस्ती बरोबरीत सोडवली आणि मोकळा झाला.

प्रांजल रडली नाही, ओरडली नाही. नुसती पंचाकडं बघत राहिली. पडद्यावर तो चेहरा बघून शालनताईंच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. बघायला बसवलेल्या माणसानंच बघू नये म्हणजे काय?

साहेब भाषणाला उभे राहिले. दादासोंचा आवाज आता चढला होता. "ताई, स्टेज घ्या. न्हाईतर पुढच्या साली दुसरं माणूस बघतो. आवं, आज तुमचाबी सत्कार हाय, त्याचं तरी भान ठेवा."

"सत्कार ऱ्हाऊ द्या. त्या पोरीची कुस्ती झालीया, ती दावल्याबिगर मी हलत न्हाई."

त्यांनी तोच डाव मैदानातल्या मोठ्या पडद्यावर लावला, अगदी सावकाश. पाठ टेकली. पुन्हा लावला, पुन्हा टेकली. लोकांनी शिट्ट्या मारल्या, तसे साहेबही बोलायचे थांबून मागं वळून बघू लागले. मग पंचाला पुन्हा मातीत उतरून प्रांजलचा हात वर करावाच लागला.

मैदान संपलं. सत्काराची नावं पुकारली गेली, त्यांत शालनताई नव्हत्या. वाईट वाटलं, नाही कसं वाटेल? त्या वायरी गुंडाळायला लागल्या.

टेम्पोच्या दाराशी प्रांजल उभी होती, केसांपासून पायांपर्यंत मातीनं लाल.

"मावशी, मला ती कुस्ती एकडाव दावा की. मोठ्या पडद्यावर लागली तवा मी पंचाकडंच बघत हुते, मी कुठं बघितलीया?"

शालनताईंनी आपली खुर्ची तिला दिली आणि स्वतः मागं उभ्या राहिल्या. पोरगी पुढं वाकली, तशी तिच्या अंगावरची माती पडद्यांखालच्या बटणांवर सांडली. ती त्यांनी पुसली नाही.