खुणेचं झाड

झाडामागची टेकडी फिल्ममध्ये दिसणार नाही, असा चित्त्यांवर फिल्म काढणाऱ्या बर्नार्डने मला शब्द दिला होता. दिसली. चांगली दोन मिनिटं दिसली. दोन चित्ते भाऊ रोज येऊन ज्या झाडाला मुतून जायचे, ते खुणेचं झाड कुठे आहे हे कोबसला घरबसल्या टीव्हीवर कळलं. जमीन त्याचीच, चित्ते ज्यांवर टपायचे ती गुरंही त्याचीच. आठवड्यात त्याने झाडाभोवती काटेरी फांद्या रचल्या, आत जायला एकच वाट ठेवली आणि त्या वाटेत पिंजरा लावला. थोरला अडकला. कोबसने त्याला गोळी घातली. धाकटा नऊ दिवस पाखरासारखा चिवचिवत भावाला हाका मारत फिरला. बर्नार्डला ते झाड दाखवणारा मीच. तेव्हापासून मी डूख धरून होतो.

वर्षाने तोंड वर करून तो परत आला. बापाला म्हणावं तसं मला ‘ताते’ म्हणायचा, मेला.

"ताते, आता धाकटा पाहिजे. भावाच्या पिंजऱ्यापाशी हाका मारताना. लोक रडतील!"

"आणि पिंजऱ्यात शिरला तर?"

"तेही टिपीन. जमीन कोबसची, मी कोण सांगणारा?"

"खरंय बाबा. बस तू. येईल."

त्याचं सामान उतरेपर्यंत मी झाडाखालची विष्ठा, मुताची माती, ओरबाडलेली साल, सगळं पोत्यात भरलं. वास मरावा म्हणून जुन्या जागी चुलीतली राख पसरली. पोतं डोक्यावर घेऊन टेकडीपलीकडे गेलो आणि आमच्या गावच्या कुरणातल्या झाडाखाली रिकामं केलं. जिथे वास, तिथे चित्ता. तीन दिवस बायकोने मला जेवायला घराबाहेर बसवलं.

बर्नार्ड एकवीस दिवस बसला. उन्हाने सोलून निघाला, माश्यांनी डोळे सुजले.

"ताते, आज?"

"उद्या नक्की," म्हणत मी त्याच्यासमोर आंबट दूध गटागटा प्यायचो. पिंजऱ्यात एकदा साळिंदर सापडलं, तर त्याचंच शूटिंग केलं बिचाऱ्याने. एवढा आनंद मला माझ्या लग्नातही झाला नव्हता.

बाविसाव्या दिवशी त्याने कॅमेरा स्वतःकडे वळवला आणि रडवेल्या तोंडाने सांगितलं, "इथला शेवटचा चित्ता संपला."

तेही टीव्हीवर लागलं, तेही कोबसने पाहिलं. पिंजरा उचलून त्याने कोंबड्यांसाठी नेला.

"संपले रे म्हाताऱ्या एकदाचे," मला म्हणाला.

"संपले, साहेब."

टेकडीपलीकडे धाकटा येतो, झाडाला मुततो, मान वर करून चिवचिवतो. हीच हाक बर्नार्डला हवी होती. मरेपर्यंत मिळणार नाही त्याला.