चिडायचं असेल तर माझ्यावर

एकोणीस वर्षं मी न्यायमूर्ती ऑनर ल्युप्टन यांचा क्लार्क होतो. फायली लावायच्या, गाडीची तिकिटं काढायची, बाई कोर्टात शिरताना दार उघडून धरायचं. मूल आईकडे राहील, बापाकडे की परक्या घरी, हे ठरवण्यात बाईंचा जन्म गेला. आधी लीड्सला, मग बढती मिळून लंडनच्या उच्च न्यायालयात. स्वतःचं मूल नव्हतं. नवरा त्यांच्या पन्नाशीतच वारला. त्यानंतर त्या कोणाकडे जेवायला गेल्याचं मला आठवत नाही. कोपऱ्यावरच्या पबमध्येसुद्धा जात नसत. "तिथं ग्लास पुसणारीचाच नातू मी कोणाला देऊन टाकला नसेल कशावरून, ओल्डरॉइड?" असं म्हणायच्या आणि आपल्या खोलीत एकट्याच चीजचं सँडविच खायच्या.

निवृत्तीच्या आदल्या वर्षी आम्ही खटले ऐकण्याच्या दौऱ्यावर लीड्सला आलो होतो. गुरुवारी ब्रायनी सग्डन नावाच्या मुलीचा खटला होता. वय सव्वीस, पदरात चार महिन्यांचा मुलगा. मुलाचा बाप मारकुटा, आणि ही त्याला सोडून दोनदा परत गेलेली. बालकल्याण खात्याचं म्हणणं होतं की बाळ काढून घ्यावं आणि दत्तक द्यावं.

बाईंनी बसल्या बसल्या सांगून टाकलं, "मिस सग्डन नऊ वर्षांच्या असताना त्यांचा खटला माझ्याचपुढे आला होता. कोणाची हरकत असेल तर मी बाजूला होते. दुसरे न्यायाधीश ऐकतील."

ब्रायनीचा वकील गडबडीने उठला. "अशिलाशी बोलायला दहा मिनिटं मिळावीत, मॅडम."

"दहा मिनिटं कशाला?" मागून ब्रायनीच बोलली. "मी आल्या आल्या ओळखलं यांना. केस पांढरे झालेत, एवढंच."

वकिलाने तिची बाही ओढली.

"बोलू द्या की हो! यांनी माझी बहीण दुसऱ्यांना दिली. मेव. अडीच वर्षांची होती. तिला घर मिळालं आणि मी मोठी म्हणून मागे राहिले. निकालाच्या आधी यांनी मला आत आपल्या खोलीत बोलावलेलं. म्हणाल्या, हे मी ठरवणार आहे. चिडायचं असेल तर माझ्यावर चीड. आईवर नको, आणि स्वतःवर तर मुळीच नको."

त्या काळी न्यायाधीश मुलांना भेटत नसत. बाई भेटायच्या, हे मला माहीत होतं. आत काय बोलायच्या, ते मी पहिल्यांदाच ऐकत होतो.

"मग मी चिडले," ब्रायनी म्हणाली. "सतरा वर्षं, रोज. खरं सांगू? उपयोग झाला. माझ्याबरोबर संस्थेत वाढलेली पोरं स्वतःलाच दोष देत बसायची."

"म्हणजे तुम्हाला दुसरे न्यायाधीश हवेत," बाई म्हणाल्या.

"नको. नवा माणूस मला फायलीत वाचणार. तुम्ही मला बघितलंय."

बाईंनी खात्याच्या वकिलाकडे पाहिलं. त्यानेही हरकत घेतली नाही, तेव्हा म्हणाल्या, "बसा. सुरू करू."

दोन दिवस साक्षी झाल्या. निकाल सोमवारी द्यायचा होता. दौऱ्यावरच्या न्यायाधीशांसाठी मोठा सरकारी बंगला असतो. त्या आठवड्यात तिथे बाईंशिवाय कोणी नव्हतं. रविवारी दुपारी मी कागद घेऊन गेलो तर बारा खुर्च्यांच्या टेबलाच्या एका टोकाला त्या बसलेल्या. पुढ्यातलं मटण गार झालेलं.

"दोन निकाल लिहिलेत," त्या म्हणाल्या. "एकात मूल काढून घेतलंय, एकात आईकडे ठेवलंय. कुठला टिकतो ते बघायचं होतं."

"मग?"

"काढून घेण्याचा जास्त चांगला उतरलाय. हात बसलाय ना माझा त्यात." त्यांनी ताट बाजूला सरकवलं. "दुसरा वाचताना शंका येते. तिचं मूल राखून मी तिच्या बहिणीची भरपाई करतेय का, ओल्डरॉइड?"

एकोणीस वर्षांत त्यांनी मला असं काही विचारलं नव्हतं. क्लार्कने निकालावर तोंड उघडायचं नसतं. मी म्हटलं, "चहा सांगू का, मॅडम?"

"सांगा," त्या म्हणाल्या आणि खिडकीकडे वळल्या. माझं ते चहाचं उत्तर मला अजून खुपतं.

सोमवारी निकाल दिला. ब्रायनीने त्या माणसाला सोडून पाच महिने झाले होते. या खेपेला ती परत गेली नव्हती, आणि बाळाचं वजन नीट वाढत होतं. बाळ आईकडेच राहील, खात्याने वर्षभर लक्ष ठेवावं, असा हुकूम झाला. वाचताना बाईंचा आवाज एकदाही हलला नाही.

ब्रायनी रडली नाही. उभी राहून म्हणाली, "एक विचारू? मेव कुठे आहे?"

बाईंना ठाऊक होतं. दत्तकाच्या हुकमावर त्यांचीच सही होती. नवं आडनाव, गाव, सगळं त्यावर होतं.

"ते मला सांगता येत नाही, मिस सग्डन. दत्तक मुलांच्या नातेवाइकांसाठी सरकारी नोंदवही असते, तीत तुमचं नाव घाला. तिनेही घातलं असेल तर ते तुम्हाला कळवतील."

"सहा वर्षांपूर्वीच घातलंय."

बाईंनी मान खाली घातली. "मला वाईट वाटतं," त्या म्हणाल्या. हे त्यांनी भरकोर्टात पक्षकाराला म्हटलेलं मी दुसऱ्यांदा कधी ऐकलं नाही.

ब्रायनीचं वर्ष नीट पार पडलं. नवी फाईल उघडली नाही, आणि आमच्याकडे बातमी नाही हीच चांगली बातमी. बहिणीचं काय झालं, ते कळलं नाही.

निवृत्त झाल्यावर बाई व्हिटबीला समुद्रकाठी राहायला गेल्या. गेल्या मार्चमध्ये मी भेटायला गेलो. बंदराजवळच्या चहाच्या दुकानात बसलो. दुकानवाली गप्पिष्ट होती. "नातवंडं येतात का गं कधी, माझे बाई?"

"नातवंडं नाहीत मला."

"अगं बाई! आणि कामाला कुठे होतीस?"

"ऑफिसात," बाई म्हणाल्या. "कागदांचं काम."

ती गेल्यावर त्यांनी माझ्या बायकोच्या गुडघ्यांची चौकशी केली. मग मी परत कुठल्या गाडीने जाणार, ते विचारलं. थोड्या वेळाने पुन्हा विचारलं. तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा मी म्हटलं, "अजून पुष्कळ वेळ आहे, मॅडम," आणि माझी ठरलेली गाडी जाऊ दिली.