सगळ्यांच्या आधी

"बाबा, आज आमच्यावर तेवढं हसू नका," बुटांत नाड्या ओवता ओवता मुलगा म्हणाला. राखीव फौजेचं बोलावणं आलं होतं. उद्या सकाळी त्याला हजर व्हायचं होतं.

वडिलांचं कामच हसण्याचं. टीव्हीवर बातम्यांची टर उडवणारा एक कार्यक्रम होता. त्याच्या प्रेक्षकांत बसायचं आणि सगळ्यांच्या आधी हसायचं. एकट्याने हसायला माणसं बिचकतात. यांनी सुरुवात केली की दीडशे जण मोकळे होत. अठरा वर्षं हेच चाललं होतं. तिथे सगळे त्यांना हसरेकाका म्हणत. घरी मात्र चेहऱ्यावरची रेष हलायची नाही.

युद्ध तोंडावर आलं तसे कार्यक्रमाला बरे दिवस आले होते. दुपारच्या चित्रीकरणात निवेदकाने बोलावणी आलेल्यांनाच धरलं. एकाला म्हणे चष्म्याशिवाय स्वतःची बंदूक सापडत नाही, दुसऱ्याला बायकोने अजून रजा दिलेली नाही. काकांनी ओठ घट्ट मिटून घेतले. कोणीच हसलं नाही. कॅमेऱ्यामागून दिग्दर्शक डोळे वटारत होता, पण काका बधले नाहीत. कितीतरी दिवसांनी त्यांना स्वतःबद्दल बरं वाटलं.

मग निवेदकाने कागद बाजूला ठेवला. उद्या निघणारी मुलं सगळीच परत येणार नाहीत, एवढं बोलून तो थांबला.

आणि काका हसले. शब्द त्यांनी ऐकलेच नव्हते. निवेदक थांबला की हसायचं, हे अंगात इतकं भिनलं होतं. पाठोपाठ दीडशे माणसं हसली. नंतर काकांनी तेवढा भाग कापा म्हणून हात जोडले. दिग्दर्शक म्हणाला, तिथेच तर रंग चढला.

संध्याकाळी आईसकट तिघं टीव्हीसमोर बसली. आज नको बघायला, असं काकांनी दोनदा सुचवलं, पण मुलगा ऐकेना. बोलावण्यांवरचे विनोद शांततेत गेले तेव्हा त्याने वडिलांच्या गुडघ्यावर थाप मारली. "शब्द पाळलात हं." खरं काय ते सांगायला काकांची जीभ रेटेना.

मग ते हसू आलं. आधी एकट्याचं, मग सगळ्यांचं. घरात ते कोणाचं हे विचारायची गरज नव्हती. आईने उठून टीव्ही बंद केला. काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

मुलाने बूट दाराशी नेऊन ठेवले.

"बाबा," मुलगा म्हणाला, "उद्या पोचवायला या. परतताना आई एकटी पडेल."