उलटी करून पाहिलेली खुर्ची

मित्रांनो, मी एक जुनी वेताची खुर्ची आहे आणि स्वभावाने अत्यंत भित्री आहे. लोकांना वाटतं, माणसं खुर्चीला घाबरतात. चार पायांवर चाळीस वर्षं उभी राहून मी सांगते, उलट आहे. मी वाळवीला घाबरते, धपकन बसणाऱ्यांना घाबरते आणि भाषण करताना मागे रेलणाऱ्यांना तर फारच. पण खरी भीती काय असते, ते मला गेल्या सव्वीस जानेवारीला कळलं.

कावेरीच्या कालव्याकाठी आमचं कीळमंगलम गाव आहे. तिथल्या पंचायतीसाठी माझा जन्म झाला. माझे पाय, हात आणि पाठ सुताराने सागात घडवले. बैठक विणली ती कालव्यापलीकडच्या सडैयनने. पलीकडच्या माणसांनी कचेरीची पायरी चढायची नाही, असा तेव्हा नियम होता. तो कुठेही लिहिलेला नव्हता, त्यामुळे कोणी मोडतही नव्हतं. मग मलाच बाहेर करंजाच्या झाडाखाली नेलं. चार दिवस सडैयन भिजवलेला वेत ओढून ओढून विणत होता. शेवटची गाठ त्याने बैठकीच्या खालून मारली, तीन पीळ देऊन. मग मला उलटी केली आणि पाय धरून ठेवणारी एकेक खुंटी अंगठ्याने दाबून पाहिली. उलटी करून पाहिल्याशिवाय खुर्ची हातावेगळी करायची नाही, ही त्याच्या घरची रीत होती. बैठक किती ताठ झाली, ते बसून पाहायची मात्र त्याला परवानगी नव्हती. त्याने मूठ रोवून पाहिली, मान हलवली आणि तो निघून गेला.

त्यानंतर माझ्यावर सहा अध्यक्ष बसले. वजनं वेगवेगळी होती, आश्वासन एकच होतं. प्रत्येक पोंगलला माझ्या पाठीला झेंडूची माळ घालत, आणि फोटो निघाला की माझ्यावर फायली रचत.

मग अध्यक्षपद पलीकडच्या वस्तीतल्या बाईसाठी राखीव झालं आणि अंजलै निवडून आली. पन्नाशीची, सडपातळ, बोटांवर बारीक चिरांचे जुने वण. पहिल्याच दिवशी उपाध्यक्ष पळनियप्पनने आपला खांद्यावरचा पंचा माझ्यावर टाकला आणि दाराजवळच्या चटईकडे बोट दाखवलं.

"तिथं बरं वाटेल तुम्हाला. वारा येतो."

अंजलै चटईवर बसली, पण अशी ताठ बसली, की माझ्या पाठीलाच लाज वाटली. कारकून दुरैकण्णूने सहीसाठी कागद टेबलावरून तिच्याकडे भिरकावले. तिने ते उचलले नाहीत.

"दुरैकण्णू अण्णा, कागद हातात द्यायचा असतो. द्या, मी वाचून सही करते."

दुरैकण्णू उठला, वाकला, कागद हातात दिले. तिने खरंच वाचले, शब्दाला शब्द लावून. तासभर गेला. पळनियप्पनची कॉफी गार झाली. असं आठ महिने चाललं. ती ओरडली नाही, रडली नाही, आणि न वाचता तिने एकही सही केली नाही.

आणि मग पंचवीस जानेवारीची दुपार आली.

"उद्या सभेला तालुक्याच्या अधिकारी बाई येणार, अय्या," दुरैकण्णू म्हणाला. "ही चटईवर दिसली तर तुमचं काही नाही, माझी नोकरी जाईल."

"मग बसव की खुर्चीवर. कोण नको म्हणतंय?"

पळनियप्पनने पंचा उचलला, मला आडवी पाडली आणि पकडीने माझ्या मागच्या डाव्या पायाची खुंटी उपटली. खुंटी सदऱ्याच्या खिशात टाकून त्याने मला अलगद उभी केली.

"बसेल, पडेल, गाव पोट धरून हसेल. परत खुर्चीचं नाव काढणार नाही. आणि आपण काहीच केलं नाही हं. जे केलं ते खुर्चीनं."

मित्रांनो, माझा वेत न् वेत थरथरला. मोडायची भीती मला जन्मापासून आहे. पण कुणाला तरी पाडण्यासाठी मोडायचं! त्या बाईने माझ्याकडे आठ महिन्यांत वाकड्या नजरेनं पाहिलं नव्हतं, आणि तिची फजिती माझ्या नावावर लागणार होती. मला ओरडायचं होतं. पण खुर्चीला हात असतात, पाय असतात, पाठ असते. तोंड तेवढं द्यायचं राहून गेलेलं असतं.

सकाळी मला अंगणात मांडलं. झेंडा फडकला. अधिकारी बाई आल्या, दोन्ही वस्त्या जमल्या. पळनियप्पन माझ्याशेजारच्या प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसला होता. त्याच्या आवाजात एकदम साखर उतरली.

"या अक्का, या. तुमचीच जागा. बसा."

आठ महिन्यांत तो तिला पहिल्यांदाच अक्का म्हणाला. मागच्या रांगेतले त्याचे लोक आतापासूनच ओठ दाबून होते. अंजलै माझ्यासमोर आली. मी तीन पाय जमिनीत रोवून चौथा कसाबसा सावरला. ती वाकली. मला वाटलं, संपलं.

पण ती बसली नाही. तिने माझे दोन्ही हात धरले आणि मला उलटी केली.

"अगं बस की!" गर्दीतून म्हातारी पच्चैयम्मा ओरडली. "आठ महिने थांबलीस, आता मुहूर्त बघतेस का? आमची डोकी तापली उन्हानं!"

"थांब गं आत्या. आमच्या घरी बघितल्याशिवाय बसत नाहीत."

तिचा अंगठा एकेका खुंटीवरून फिरला आणि डाव्या पायाच्या रिकाम्या भोकावर थांबला. मग बैठकीखालच्या तीन पिळांच्या गाठीवर गेला. तिथे तो बराच वेळ राहिला.

"ही माझ्या अप्पाची गाठ आहे," ती हळूच म्हणाली. मग मान वर केली. "पळनियप्पन अण्णा, हिची खुंटी कुठंय?"

"मला काय माहीत?" तो म्हणाला, आणि त्याचा हात आपसूक सदऱ्याच्या खिशावर गेला.

ते सगळ्यांनी पाहिलं. अधिकारी बाईंनीही पाहिलं. ओठ दाबून बसलेल्यांना आता ओठ कुठे ठेवावेत कळेना.

"राहू द्या तुमच्याकडे," अंजलै म्हणाली. "जुनी झाली होती."

झेंड्याच्या काठीचा उरलेला बांबूचा तुकडा कोपऱ्यात पडला होता. शहाळी सोलायला आणलेला कोयता तिने मागून घेतला आणि अध्यक्षीणबाई सगळ्या गावासमोर जमिनीवर बसून खुंटी तासू लागल्या. जे काम करतात म्हणून त्या माणसांना पायरीखाली ठेवलं होतं, तेच काम, अगदी सावकाश.

"अजून किती वेळ?" अधिकारी बाईंनी घड्याळ पाहिलं.

"झालंच, बाई. काम घरचं आहे."

दगडाने तिने खुंटी ठोकली, मला सरळ केली आणि बैठकीवर मूठ रोवून पाहिली. मग बसली. मित्रांनो, मी साधी कुरकुरलेसुद्धा नाही.

"तुमच्याही खुर्चीचं बघू का, अण्णा?" तिने शेजारी विचारलं. पळनियप्पन गडबडीने उठला आणि सभा संपेपर्यंत उभाच राहिला. सभेचं इतिवृत्त तिने टेबलावर वाचलं आणि टेबलावरच सही केली.

ती घरी गेल्यावर माझी भीती परत आली. "जाळा ती खुर्ची," असं कोणीतरी म्हणालं. पण सरकारी मालमत्ता जाळली की चौकशी होते, म्हणून हळदीच्या पाण्यावर भागलं. शुद्धीसाठी घागरभर पाणी माझ्यावर ओतलं. दुसऱ्या दिवशी अंजलै आली, तेव्हा मी पिवळी, ओली, शरमेने मेलेली उभी होते. पळनियप्पन दारातून तिचं तोंड बघत होता.

तिने बैठकीवरून हात फिरवला.

"दुरैकण्णू अण्णा, हे ज्यानं केलं त्याला माझा निरोप द्या. वेत ढिला पडला की त्याला पाणीच पाजतात. वाळला की ताठ होतो. महिन्यातून एकदा असंच करत जा म्हणावं. हळद नको, डाग पडतो."

आणि मला उन्हात ठेवून, वाळेपर्यंत ती शेजारी उभी राहिली.

मी अजून घाबरते, मित्रांनो. वाळवी आहे, जड माणसं आहेत, पळनियप्पन आहे. पण आता माझा वेत ताठ आहे. तुमच्या घरी एखादी जुनी खुर्ची असेल तर फेकू नका. एकदा उलटी करून पाहा. खाली गाठ असेल. ती मारणाऱ्याला तुम्ही कधी बसा म्हणाला होतात का, तेवढं आठवा, आणि मगच बसा.